अर्थाला साक्षीदार कोण?

बारशाच्या पत्रिकेवर हल्ली बाळाच्या नावाखाली बारीक अक्षरांत आणखी एक ओळ असते: नावाचा अर्थ. पूर्वी ती लागत नसे. गोविंद, मालती, यशवंत, सुमन या नावांचा अर्थ कोणाला समजावून सांगावा लागत नव्हता. दगडू आणि केरबा यांचा तर ऐकताक्षणी कळायचा. आता पाळण्यातलं नाव आधी घरच्यांनाच समजावून घ्यावं लागतं, आणि तो अर्थ येतो मोबाईलवरच्या एखाद्या यादीतून, नाहीतर पाच-दहा हजार नावं एकत्र छापलेल्या पुस्तकातून. या याद्या थोडा वेळ सलग वाचल्या की एक गंमत लक्षात येते. शनाया म्हणजे सूर्याचा पहिला किरण, विवान म्हणजेही सूर्याचा पहिला किरण, आयांश म्हणजे प्रकाशाचा पहिला किरण. उरलेली नावं विष्णूची, लक्ष्मीची किंवा दुर्गेची, आणि त्यातूनही जी सुटली ती ‘अद्वितीय’. एका सूर्याला पहिले किरण असावेत तरी किती? नावाला अर्थ नसला तर काहीच बिघडत नाही, हे आधीच मान्य करून टाकतो. पण अर्थ सांगायचाच असेल, तर तो कोणत्या भाषेतल्या कोणत्या शब्दाचा, आणि तो शब्द त्या अर्थानं कोणी कुठे वापरला, एवढं तरी सांगता आलं पाहिजे. आज चलनात असलेले पुष्कळसे अर्थ या एका प्रश्नापुढे टिकत नाहीत.

हे अर्थ जन्माला का येतात, ते समजून घेण्यासारखं आहे. नवीन नावांची मागणी प्रचंड आहे आणि त्यावरच्या अटी त्याहून जास्त. पहिली अट नावरसाची. पत्रिकेतल्या नक्षत्राच्या चरणावरून अक्षर निघतं. सत्तावीस नक्षत्रांचे प्रत्येकी चार चरण, म्हणजे १०८ अक्षरं. त्यांत आर्द्राच्या वाट्याला ङ येतो, हस्ताच्या वाट्याला ण आणि उत्तरा भाद्रपदेच्या वाट्याला ञ. या अक्षरांनी सुरू होणारी नावंच नाहीत, हे जुन्या ज्योतिषांना ठाऊक होतं. म्हणून त्यांच्याऐवजी ग, ड आणि ज धरावेत अशी सोय त्यांनी करून ठेवली. आजच्या आईबाबांना सोयीपेक्षा नावीन्य हवं असतं. शिवाय नाव दोन-तीन अक्षरी हवं, सोसायटीत आणि वर्गात दुसऱ्या कोणाचं नको, थोरल्या भावंडाच्या नावाशी जुळायला हवं, जमलं तर आई आणि बाबा दोघांच्या नावांचे तुकडे त्यात यावेत, आणि उद्या न्यू जर्सीतल्या शिक्षिकेलाही ते उच्चारता यावं. इतक्या चाळण्यांतून खाली पडेल असा जुना शब्द फारसा उरत नाही. मग नाव पाडलं जातं. त्यात वावगं काही नाही. पण ‘हे आम्ही पाडलं’ असं म्हणायला कोणी तयार नसतं, म्हणून नावाबरोबर अर्थही पाडला जातो आणि त्यावर ‘संस्कृत’ असा शिक्का बसतो.

एक नाव हातात घेऊन बघू. आरव. गेल्या पंधरा-वीस वर्षांत हे नाव घरोघरी झालं, आणि याद्यांमध्ये त्याचा अर्थ ‘शांत’ असा दिलेला असतो. वामन शिवराम आपट्यांचा संस्कृत-इंग्रजी कोश पुण्यात १८९० साली निघाला. मोनियर-विल्यम्स यांच्या कोशाची सुधारलेली आवृत्ती १८९९ ची. दोन्हींत ‘आरव’ आहे, आणि दोन्हींत त्याचा अर्थ आहे आवाज, ओरडणं, कल्लोळ. ‘रु’ म्हणजे आवाज करणं या धातूपासून ‘रव’ झाला. ‘कलरव’ आपण मराठीतही म्हणतो. त्याला ‘आ’ हा उपसर्ग लागून आरव. तान्ह्या बाळाला याहून चपखल नाव नसेल, पण ‘शांत’ हा अर्थ मात्र नेमका उलटा आहे. मग तो आला कुठून? माझा अंदाज असा, की ‘अरव’ म्हणजे रवाविना, निःशब्द, या शब्दाशी कोणीतरी गल्लत केली असावी. देवनागरीत अ आणि आ यांच्यात गल्लत होणं कठीण. रोमन लिपीत ती व्हायला एक ए पुरतो.

रोमन लिपीनं घातलेला हा एकच घोळ नव्हे. ‘अनया’ घ्या. संस्कृतात ‘अनय’ म्हणजे नयाचा, म्हणजे नीतीचा अभाव, दुर्वर्तन, दुर्दैव. मराठी गवळणींत राधेच्या नवऱ्याचं नाव अनय आहे, तेही मुलीच्या नावाला फारसं उपयोगाचं नाही. पण ‘काळजी, जपणूक’ असा जो अर्थ या नावापुढे कधीकधी दिसतो तो पूर्ण खोटा नाही. तो आहे ‘इनाया’ या अरबी शब्दाचा. दोन भाषांतले दोन शब्द रोमन अक्षरांत शेजारी आले आणि एकाचा अर्थ दुसऱ्याच्या अंगावर चढला. ‘कियारा’ची कहाणी याहून नामी आहे. इटालियन भाषेत ‘कियारा’ हे लॅटिन ‘क्लारा’चं रूप, अर्थ उजळ, तेजस्वी. तेराव्या शतकातल्या असिसीच्या संत क्लारेचं घरचं नाव हेच. आयर्लंडमध्ये जवळजवळ त्याच अक्षरांनी लिहिलं जाणारं दुसरं नाव आहे, उच्चार साधारण ‘कीरा’, आणि ते ज्या ‘किअर’ शब्दापासून आलं त्याचा अर्थ काळा, काळोखा. एकाच यादीत एकाच नावापुढे उजेड आणि अंधार दोन्ही स्वल्पविराम देऊन छापलेले असतात आणि कोणाला काही खटकत नाही. वाचणारा आपल्याला हवा तो उचलतो.

दुसरा कारखाना ‘अंश’चा. देवांश, शिवांश, रुद्रांश ही नावं सरळ आहेत: देवाचा अंश, शिवाचा अंश, रुद्राचा अंश. संधी बरोबर, समास बरोबर. त्यांच्या वजनावर मग ‘रेयांश’ येतो आणि त्याचा अर्थ ‘विष्णूचा अंश’ असा सांगितला जातो. यात विष्णू कुठे आहे? संस्कृतात ‘रे’ हे हाक मारायचं अव्यय, आपल्या ‘अरे’सारखं, आणि तेही फारसं आदराचं नाही. संपत्ती या अर्थाचे ‘रयि’ आणि ‘रै’ हे दोन जुने शब्द आहेत, पण ‘रयि’ला अंश जोडला तर ‘रय्यंश’ होतो आणि ‘रै’ला जोडला तर ‘रायंश’. ‘रेयांश’ कशानंही होत नाही. इंग्रजीतला किरणवाचक ‘रे’ आणि संस्कृत ‘अंश’ यांची सोयरीक मात्र नीट जुळते. तसं असेल तर तसं म्हणावं. मिश्र जातीचे शब्द मराठीत काय कमी आहेत? अमुक नाव विष्णूचं, तमुक देवीचं, हा दावा तर तपासायला सगळ्यांत सोपा. विष्णुसहस्रनाम महाभारताच्या अनुशासनपर्वात आहे, ललितासहस्रनाम ब्रह्मांडपुराणातलं म्हणून ओळखलं जातं. दोन्हींच्या सार्थ पोथ्या कुठल्याही धार्मिक पुस्तकांच्या दुकानात मिळतात. ‘कितवं नाव, कोणत्या श्लोकात?’ एवढं विचारलं की दावा करणाऱ्याला एकतर बोट ठेवून दाखवता येतं किंवा येत नाही.

इथे एक आक्षेप हमखास येतो: संस्कृत कोशात नाही म्हणून नाव खोटं कसं? आक्षेप अगदी रास्त आहे, आणि खरं तर तो याद्यांवरच उलटतो. प्रत्येक नाव संस्कृतातच बसवायचा अट्टाहास त्यांचा आहे. महाराष्ट्रातली नावं कधीच एका भाषेतून आली नाहीत. शहाजी आणि शरीफजी या भोसले बंधूंची नावं नगरच्या शाह शरीफ या पिरावरून ठेवली, असं परंपरा सांगते. हैबतराव, दौलतराव ही अरबी शब्दांना ‘राव’ जोडून झालेली अस्सल मराठी नावं. गुलाबराव फारसीतून आले, आणि तिथे ‘गुल’ म्हणजे फूल व ‘आब’ म्हणजे पाणी, अर्थात गुलाबपाणी. गोव्यातल्या कायतानचं मूळ इटलीतल्या गाएता गावात आहे; त्या गावाचा तो कायतान, या नावाचा संत झाला आणि पोर्तुगिजांबरोबर त्याचं नाव सासष्टी-बारदेशात पोचलं. ‘सई’ हे सखीचं प्राकृतातून झिजत आलेलं रूप: सखी, सही, सई. सायली आणि अबोली ही मराठी परसातली फुलं. आणि ‘विहान’? त्याचा ‘पहाट’ हा अर्थ अगदीच हवेतला नाही, कारण भोजपुरी, छत्तीसगढी अशा बोलींत ‘बिहान’ म्हणजे सकाळ. कोट्यवधी लोकांच्या तोंडचा शब्द आहे. त्याला पाठबळ म्हणून वेदातली ऋचा शोधायची गरज नाही. तेव्हा पुरावा संस्कृतच हवा असं मुळीच नाही, फक्त तो हवा.

दुसरा आक्षेप थोडा चतुर आहे. भाषा बदलते, लाखो लोक ‘शनाया’चा अर्थ पहिला किरण मानू लागले तर उद्या तोच अर्थ खरा नाही का ठरणार? आपल्याकडच्या शास्त्रकारांनीच व्युत्पत्तीपेक्षा रूढीला जास्त वजन दिलं आहे. चिखलात जन्मणारं ते सगळं ‘पंकज’. पण पंकज म्हटल्यावर बेडूक कोणाच्या मनात येत नाही, कमळच येतं. हे मान्य. मात्र रूढी म्हणजे वापर. लोक बोलताना तो शब्द त्या अर्थानं वापरतात, तेव्हा रूढी तयार होते. ‘उठा, शनाया झाली’ असं कोणी म्हणतं का? एकही नाही. हिंदी पडद्यावर २०१२ सालच्या ‘स्टुडंट ऑफ द इयर’मध्ये शनाया होती, पुढे ‘माझ्या नवऱ्याची बायको’ या मालिकेनं ती मराठी घरांत आणून बसवली. मराठी माणसाच्या मनात या नावाची जी काही रूढी झाली ती या दुसऱ्या शनायेमुळे, आणि तिच्यात किरण फारसा नव्हता. एका यादीनं दुसरीची आणि दुसरीनं तिसरीची नक्कल करणं म्हणजे रूढी नव्हे. दहा ठिकाणी एकच वाक्य शब्दशः सापडलं तर साक्षीदार दहा होत नाहीत. एकाचीच जबानी दहादा नोंदवलेली असते, आणि तो एक कोण हे कोणालाच ठाऊक नसतं. हल्ली हाच प्रश्न चॅटबॉटला विचारायची पद्धत पडते आहे. त्याचं वाचन याच याद्यांवर झालेलं असेल, तर त्याचं उत्तर म्हणजे अकरावी नक्कल.

मग तिसरा सूर निघतो: एवढं काय त्यात? नाव हाक मारायला असतं. ज्यांना खरोखर असं वाटतं त्यांच्याशी माझा वाद नाही. ते अर्थाची ओळ छापत नाहीत. पण नावाच्या अर्थाला आपल्या समाजानं कधीच क्षुल्लक मानलेलं नाही, आणि हा इतिहास सगळाच गोड नाही. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात मुलीचं नाव उच्चारायला सोपं, कानाला मृदू आणि अर्थानं स्पष्ट असावं असं सांगितलं आहे. पण त्याच्याच दोन श्लोक आधी ब्राह्मणाचं नाव मंगल, क्षत्रियाचं बलवाचक, वैश्याचं धनवाचक आणि शूद्राचं तिरस्कारवाचक ठेवावं, अशीही आज्ञा आहे. अर्थ हा जन्माबरोबर कपाळी मारायचा शिक्का होता. मुलं जगत नसलेल्या घरांत दगडू, धोंडू, कचरू, भिकू ठेवत, ते मृत्यूची नजर वळू नये म्हणून. तिथेही सगळी मदार अर्थावरच. आणि सातारा जिल्ह्यात ऑक्टोबर २०११ मध्ये २८५ मुलींचं समारंभानं पुन्हा बारसं करावं लागलं, कारण मुलगा हवा असताना जन्मल्या म्हणून त्यांची नावं ‘नकोशी’ किंवा ‘नकुसा’ ठेवली होती. त्या मुलींना कोणी सांगून पाहावं, की नाव काय, हाक मारायला असतं.

तपासणीची रीतही आपल्याला नवी नाही. पतंजलीनं महाभाष्याच्या सुरुवातीला व्याकरण कशासाठी शिकायचं याची जी कारणं दिली आहेत, त्यांत मुलाचं नाव ठेवणं हे एक कारण आहे. दहा दिवस उलटल्यावर मुलाचं नाव ठेवावं, ते घोष वर्णानं सुरू होणारं, दोन किंवा चार अक्षरी असावं, आणि धातूपासून थेट बनलेलं कृदन्त असावं, दुसऱ्या नामापासून बनवलेलं तद्धित नसावं, असा याज्ञिकांचा नियम; आता कृदन्त कोणतं आणि तद्धित कोणतं हे व्याकरणाशिवाय कळणार कसं, असं तो विचारतो. दोन हजारांहून अधिक वर्षांपूर्वीचा हा प्रश्न आहे. आणि नवं, निरर्थक नाव ठेवायची मोकळीकही त्याच परंपरेत सापडते. शब्दांचे प्रकार सांगताना वैयाकरणांनी जातिवाचक, गुणवाचक, क्रियावाचक यांच्या जोडीला ‘यदृच्छाशब्द’ नावाचा चौथा प्रकार मानला: ठेवणाऱ्याच्या मनात आलं म्हणून ठेवलेलं नाव, आत दुसरा अर्थ नाही. ‘डित्थ’ आणि ‘डवित्थ’ ही त्यांची ठेवणीतली उदाहरणं. एखाद्यानं हौसेनं ‘लृतक’ असं नाव ठेवलं तर वर्णमालेत लृ हा स्वर त्याच्यासाठी ठेवायचा का, यावरही महाभाष्यात चर्चा आहे. असले यदृच्छाशब्द मानायचेच कशाला, असा उलटा पक्षही तिथेच मांडला आहे. पण डित्थाचा अर्थ ‘सूर्याचा पहिला किरण’ असा सांगायचं मात्र कोणाच्या डोक्यात आलं नाही. शनाया, रेयांश ही आजची डित्थ-डवित्थं आहेत, आणि तशी म्हणूनच ती चांगली वाटतात; कानाला गोड आहेत, घरात आवडली आहेत, पुरे.

शब्दाचा अर्थ एक आणि नाव ठेवण्यामागचं कारण दुसरं, हेही याद्या कधी सांगत नाहीत. ‘इरा’ म्हणजे अन्न, पेय, पाणी, पृथ्वी. त्यावरून ‘इरावती’, जलवती, आणि हे रावी नदीचं जुनं नाव. पण इरावती कर्व्यांचं नाव रावीवरून आलेलं नाही. त्या १९०५ साली ब्रह्मदेशात मिंज्यानला जन्मल्या आणि तिथल्या इरावती नदीचं नाव त्यांना मिळालं. ‘मृण्मयी’चा कोशातला अर्थ मातीची, मातीनं बनलेली, पण ज्या घरांनी हे नाव गो. नी. दांडेकरांची कादंबरी वाचून ठेवलं त्यांच्या मनात ती कादंबरी होती, मातीचं मडकं नव्हे. ‘मायरा’ हे नाव तर इंग्रज कवी फुल्क ग्रेव्हिल यानं आपल्या कवितेतल्या प्रेयसीसाठी वापरलं. तो १६२८ मध्ये वारला, आणि त्याच्या आधी हे नाव कोणा मुलीला ठेवल्याचं आढळत नाही. याद्यांमधला ‘प्रिय’ हा अर्थ त्या नात्यातून मागाहून चिकटला असावा. ‘तनिष्का’ नावाला टायटननं १९९० च्या दशकात घडवलेल्या दागिन्यांच्या नाममुद्रेची झळाळी आहे. तिच्यातला ‘निष्क’ मात्र खरोखर वैदिक, गळ्यातला सोन्याचा अलंकार, पुढे सोन्याचं नाणं.

पडताळायचं कसं? संस्कृत म्हणून सांगितलेल्या नावासाठी आपटे आणि मोनियर-विल्यम्स, दोन्ही आता जर्मनीतल्या कोलोन विद्यापीठाच्या कोशसंग्रहात फुकट पाहता येतात. नाव देवनागरीत, ऱ्हस्वदीर्घासकट लिहून शोधावं. मुलीच्या नावाचं पुल्लिंगी रूपही बघावं. मोनियर-विल्यम्समध्ये शब्दापुढे ‘एल’ हे अक्षर दिसलं तर तो शब्द फक्त जुन्या कोशकारांनी नोंदवला आहे, ग्रंथात वापरलेला मिळालेला नाही, असं समजायचं. खोटा म्हणून नव्हे, पण जरा जपून. मराठी वाटणाऱ्या नावासाठी मोल्सवर्थचा १८५७ चा कोश, दाते-कर्व्यांचा ‘महाराष्ट्र शब्दकोश’ आणि कृ. पां. कुलकर्ण्यांचा ‘मराठी व्युत्पत्तिकोश’. पुराणातली व्यक्ती असेल तर सिद्धेश्वरशास्त्री चित्रावांचा चरित्रकोश. फारसीसाठी स्टाइनगास. कोशात अर्थ दिसला तरी थांबू नये, खाली उताऱ्याचं ठिकाण दिलंय का ते बघावं. आणि कधीकधी एवढं करूनही निकाल लागत नाही, हे पचवायची तयारी ठेवावी. विठ्ठल हे नाव महाराष्ट्र कित्येक शतकं घेतो आहे. ते विष्णूपासून, कन्नड रूपांतून की आणखी कुठून, यावर रा. चिं. ढेऱ्यांसारख्यांनी ग्रंथ लिहिले आणि वाद मिटलेला नाही. याद्यांमध्ये त्यापुढे एका ओळीचं उत्तर असतं.

यातलं काहीही घाईघाईनं करायची गरज नाही. १९६९ च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यानुसार जन्म २१ दिवसांत नोंदवायचा असतो, नाव नव्हे. नावाची नोंद वर्षभरात कधीही शुल्काविना करता येते, आणि त्यानंतरही विलंब शुल्क भरून पंधरा वर्षांपर्यंत. बाराव्या दिवशी आत्या कानात कुर्र करून जे काय म्हणायचं ते म्हणेल. दाखल्यावर अक्षरं उमटेपर्यंत आपट्यांचा कोश चाळायला भरपूर सवड असते.